अळीचा बोगदा

(दृश्य: तुराट्यांच्या चौकटीला सुतळीनं टांगलेला कापसाचा ढीग. वाऱ्यावर हळूच फिरतो.)

हा ढग आहे. यवतमाळ जिल्ह्यातल्या एका जिल्हा परिषद शाळेच्या व्हरांड्यात, प्रदर्शनासाठी टांगलाय. सातवीच्या पोरांनी त्यावर एक गाव कल्पलंय आणि त्याला नाव दिलंय, वरलं शिवार.

वरल्या शिवारात ढग हीच जमीन. घरं, गोठे, बैल, सगळं ढगाच्या पाठीवर. पाणी मात्र त्याच्या पोटात. तिथं वाड्याएवढे टणक गोळे आहेत, पोरं त्यांना सरकीच म्हणतात. एकेका सरकीत एकेक विहीर. तिथवर जायचं तर बोगदा हवा. पण ढग तरंगतो तो आत कोंडलेल्या हलक्या हवेवर. भोक उघडं राहिलं की हवा निसटते आणि गाव खाली बसायला लागतं. म्हणजे खोदायचं, पण भोक मागं ठेवायचं नाही.

(दृश्य: हिरवं बोंड नखानं फोडलं जातं. आत गुलाबी अळी. कॅमेरा जवळ जातो.)

यावरचा तोडगा पोरांना वावरात सापडला. गुलाबी बोंडअळी. फुलावर, कोवळ्या बोंडावर पतंग अंडी घालतो. त्यातून निघालेली बारीक अळी बोंडात शिरते. शिरली की भोक बुजून जातं, आणि ती आत निवांत सरकी खात बसते.

(दृश्य: दोन वेण्यांची मुलगी, हातात बोंड.)

“पाहा जी, बाहेरून बोंड चांगलं दिसते. अळी अंदर गेली का तिचं दार बंद. आमच्या मशिनीचं बी तसंच हाय.”

(दृश्य: पोरांनी बनवलेलं बोगदा खोदायचं यंत्र टेबलावर. हातभर लांब.)

तोंडाला खोबरेल तेलाच्या डब्याचा पत्रा कापून केलेले दोन जबडे. मागं रिफिल संपलेल्या दोन पेनांच्या नळ्या, एकमेकींना घासत फिरणाऱ्या. हा त्यांचा रेचा. जबड्यानं ओढलेला ढग इथं रेचला जातो, सरकी खालच्या डबीत पडते, रुई पुढं सरकते. त्याच्या मागं सायकलच्या स्पोकची टकळी. आमच्या हिशेबानं सगळी करामत हीच. रुईला पीळ बसतो, सूत होतं, आणि ते सूत बोगद्याच्या भिंतीला गोल गोल लागत जातं. कणगी विणतात तसं. वरून शेणामातीचा हात फिरवायचा राहतो, तो वरल्या शिवारात बाया फिरवतात. जे खोदलं त्याचीच भिंत झाली, बाहेर टाकायला माती उरली नाही. या यंत्राची, म्हणजे पोरांच्या अळीची, शेपटी आत गेली की मागचं सूत आवळतं आणि बोगद्याचं तोंड मिटतं.

(दृश्य: टकळी फिरते. पुन्हा, मंद गतीत.)

इथून सेवाग्राम फार लांब नाही. टकळी पोरांनी तिथल्या सहलीत पाहिली होती. आम्हाला वाटलं होतं, पोरं टीव्हीवरच्या रोबोटची नक्कल करतील. ती केली नाही, याचा आनंद लपवायचं कारण नाही.

साहेबांच्या देशात ब्रुनेल नावाच्या इंजिनिअरनं थेम्स नदीखालून बोगदा नेला. तो १८४३ साली खुला झाला. खोदणाऱ्यांवर माती ढासळू नये म्हणून त्यानं ढालीसारखी चौकट केली, आणि ही युक्ती त्याला जहाजाचं लाकूड पोखरणाऱ्या अळीसारख्या जीवावरून सुचली असं सांगतात. आम्ही हे पोरांना सांगितलं. मागच्या बाकावरून प्रश्न आला, “मंग त्यायच्याकडे बी पऱ्हाटी होती का, मॅडम?”

(दृश्य: यंत्र ढगात शिरतं. कापूस हलतो. आवाज फक्त मोटरचा.)

पहिल्यांदा अडकलं. दुसऱ्यांदा सूत तुटलं. तिसऱ्यांदा वेणीवालीनं टकळीला बोटानं एक झटका दिला आणि अळी आत गेली. तोंड मिटलं. पूर्ण नाही, करंगळी जाईल एवढी फट राहिली. गाव थोडं खाली आलं असेल.

(दृश्य: बांधावरून शिवार. काळी, उघडी बोंडं, अर्धी किडकी.)

विदर्भात २०१७ च्या हंगामात हीच अळी घराघरात नुकसान करून गेली. त्यानंतर पतंगांना वासानं ओढणारे कामगंध सापळे लावा, फरदड म्हणजे हंगाम संपल्यावरही तेच पीक ठेवून कापूस घेऊ नका, हे सांगणं वाढलं.

(दृश्य: म्हातारा हात, तळहातावर किडकी सरकी. बराच वेळ.)

(दृश्य: पुन्हा व्हरांडा. संध्याकाळ. चौकट खाली उतरवली जाते.)

प्रदर्शन उद्या दुपारी संपतं. मग हा ढग पोत्यात भरायचा. कापूस वेणीवालीच्या घरचा आहे, यंदाच्या वेचणीतला, आणि अजून विकायचा आहे. तिच्या आईनं तो मोजूनच दिला होता. बोगद्यात गेलेलं सूत वेगळं काढून ठेवायला सांगितलंय.

(दृश्य: काटा. पोतं. काटा स्थिर होईपर्यंत.)