पडद्यावरचा काळा रंग

चित्रपटगृहातले दिवे मालवण्याआधी समोरचा पडदा नीट पाहिला, तर तो पांढरा असतो. थोड्याच वेळात त्याच पडद्यावर आपल्याला दाट काळी सावली दिसते, पण प्रोजेक्टरमधून काळा प्रकाश कधीच येत नाही. जिथे प्रकाश पोचत नाही तिथे पडदा होता तसाच असतो. शेजारच्या उजळ भागाशी तुलना करून आपली दृष्टीच त्याला काळा ठरवते. प्रायोगिक चित्रपटकारांना सावलीचे वेड लागले ते, माझ्या मते, याच कारणाने: तिचा निम्मा भाग प्रेक्षकाच्या डोळ्यांत घडतो.

अमेरिकन कलाकार मॅन रे यांनी १९२३ साली कॅमेरा बाजूला ठेवला, अंधारात कोऱ्या फिल्मवर मीठ, मिरपूड, टाचण्या आणि खिळे पसरले आणि क्षणभर दिवा लावला. वस्तूंनी प्रकाश जिथे अडवला, तिथे त्यांचे ठसे उमटले. ३५ मिलिमीटर फिल्मची एक फ्रेम, म्हणजे पट्टीवरचे एक चित्र, जेमतेम १९ मिलिमीटर उंच असते, त्यामुळे लांब खिळा एका फ्रेममध्ये मावत नाही. त्याचे तुकडे पाठोपाठ झळकतात, आणि मुळात निश्चल असलेला तो खिळा आपल्याला थरथरताना दिसतो.

टोनी कॉनराड यांच्या १९६६ सालच्या ‘द फ्लिकर’मध्ये तर वस्तूही उरत नाही. सुरुवातीची सूचना आणि शीर्षके सोडली, तर त्यात केवळ काळ्या आणि कोऱ्या फ्रेम बदलत्या तालात येतात. तरीही फिल्मवर नसलेले रंग अनेक प्रेक्षकांना दिसतात. अशा लुकलुकीने प्रकाशसंवेदनशील अपस्मार असलेल्या व्यक्तीला झटका येऊ शकतो, म्हणून त्यातला कोणताही भाग आम्ही येथे दाखवलेला नाही.

अँथनी मॅककॉल यांनी १९७३ साली प्रेक्षकाला पडद्याकडे पाठ करायला लावली. ‘लाइन डिस्क्राइबिंग अ कोन’मध्ये एक पांढरा ठिपका अर्ध्या तासात सावकाश वर्तुळ पूर्ण करतो, परंतु पाहायचे असते ते धुरकट हवेतून येणाऱ्या प्रकाशाकडे, ज्याची आधी एक बारीक रेघ असते, मग वक्र भिंत होते आणि शेवटी आत शिरून उभे राहता येईल असा पोकळ शंकू तयार होतो. कोणी त्या प्रकाशात हात घातला, तर सावली केवळ भिंतीवर पडत नाही. हातापासून भिंतीपर्यंतच्या धुरात अंधाराची एक लांब फट उघडते आणि बोटे हलली की तीही हलते.