सेसिल देक्युजिस: कट कुठे घ्यायचा?

उघड्या मोटारीत मागून कॅमेरा नटी जीन सीबर्गच्या मानेवर रोखलेला. शेजारी नट बेलमोंदो बोलत सुटलाय: तिची मान, तिचा आवाज, तिची मनगटं, तिचे गुडघे. बोलणं सलग चाललंय, पण तिच्यापलीकडचं पॅरिस सारखं उडी मारतंय. आत्ता ऊन, आत्ता सावली. चित्रपट 'ब्रेथलेस', १९६०. दिग्दर्शक जाँ-लुक गोदार, संकलक सेसिल देक्युजिस. त्यांच्या जोडीला लिला हर्मन, म्हणजे भारतीय वंशाच्या लीला लक्ष्मणन.

कामेफ्लेक्स कॅमेरा हातात धरून धावता यायचं, पण तो खडखडायचा फार. त्यामुळे संवाद नंतर डब झाले. पहिली जुळणी ठरलेल्या दीड तासापेक्षा बरीच लांब होती. अशा वेळी अख्खे प्रसंग उचलून टाकायची रीत. इथे शॉटच्या पोटातूनच तुकडे काढले. ओठांशी बांधलेला आवाजच नव्हता, म्हणून ते परवडलं. या कटांचं बंड म्हणून फार कौतुक होतं. टेबलावर मात्र आधी हिशोब होता मीटरचा: ३५ मिमी फिल्म मिनिटाला २७ मीटरच्या वर पळते, दीड तासाची साधारण २,४६० मीटर.

त्याच वर्षी देक्युजिस तुरुंगात गेल्या. ट्युनिशियातल्या अल्जेरियन निर्वासितांवर त्यांनी आधी लघुपट केला होता. पुढे फ्रान्सविरुद्ध लढणाऱ्या अल्जेरियाच्या मुक्ती आघाडीसाठी स्वतःच्या नावावर घर घेऊन दिलं, म्हणून पाच वर्षांची शिक्षा झाली. त्यातली सुमारे दोन भोगली.

१९६९ साली दिग्दर्शक एरिक रोमेरचा 'माय नाइट अ‍ॅट मॉड्स' आला, संकलन देक्युजिस यांचंच. खोलीत माणसं बसून बोलतात, आणि आवाज जागेवरच घेतलेला. आता कात्री मोकळी नाही.

तेव्हा चित्राची फिल्म वेगळी, आवाजाची चुंबकीय पट्टी वेगळी, दोन्हींना सारखीच भोकं, फ्रेमला चार. शॉटच्या सुरुवातीला वाजवायची पाटी, म्हणजे क्लॅप, मिटतो ती फ्रेम आणि पट्टीवरचा 'टक्' एका रेषेत आणायचे. मग चित्रातून दहा फ्रेम काढल्या की पट्टीतूनही दहाच. दोन-तीन फ्रेमची चूकसुद्धा ओठांवर दिसते.

खरी अडचण दोघं एकाच वेळी बोलतात तिथे. दुसऱ्याचा शब्द पहिल्याच्या शेवटावर चढला असेल, तर आवाज तिथे कापताच येत नाही. चित्राचा कट एका जागी ठेवून आवाजाचा थोडा आधी किंवा नंतर न्यावा लागतो. स्वर लांबत असताना कापलं तर खटका ऐकू येतो. 'प', 'ट', 'क'सारख्या कडक व्यंजनाच्या अगदी अलीकडे कापलं तर जोड लपतो. पट्टी तिरकी कापायची तीही खटका टाळायलाच. शिवाय कॅमेऱ्याची जागा बदलली की मायक्रोफोनचीही बदलते, आणि खोलीची गुणगुण बदलून जोडावर धक्का बसतो. म्हणून सेटवर सगळ्यांना गप्प बसवून अर्धा-एक मिनिट नुसती खोली रेकॉर्ड करून ठेवतात. नवशिके दिग्दर्शक नेमकं तेच विसरतात. ती गुणगुण जोडाखाली अंथरली की धक्का जातो.

'माय नाइट अ‍ॅट मॉड्स'मध्ये बोलणाऱ्यापेक्षा ऐकणाऱ्याचा चेहरा पुष्कळदा जास्त वेळ पडद्यावर राहतो. वाक्य संपलं म्हणून कट येत नाही. रोमेरबरोबरचं हे काम 'क्लेअर्स नी', 'पोलीन अ‍ॅट द बीच' असं करत १९८४च्या 'फुल मून इन पॅरिस'पर्यंत चाललं.