युझो कायामाच्या गाण्यांना चाल कोणाची? एकदाच काय ते सांगतो

नमस्कार मंडळी! जपानी दिग्दर्शक कुरोसावावरच्या माझ्या व्हिडिओखाली एकच प्रश्न सारखा येतोय. त्याच्या 'अकाहिगे' सिनेमात नट मिफुनेसमोर तोऱ्यात उभा राहणारा तो तरुण डॉक्टर कोण? युझो कायामा. जन्म १९३७, योकोहामा. वडील केन उएहारा, तेही मोठे हिरो. पोरगा केइओ विद्यापीठाच्या कायदा शाखेत राज्यशास्त्र शिकला, १९६०मध्ये तोहो स्टुडिओत आला. झालं, चरित्र संपलं.

आता खरी भानगड. मी म्हटलं, हा गातो. लगेच कमेंट, 'प्लेबॅक कोणाचा?' अहो, कोणाचाच नाही! आपल्याला लताबाई-रफींची सवय, मान्य. पण हा स्वतः गातो. मग दुसरे एक दादा हट्टाला पेटले: 'रेकॉर्डवर संगीतकार दान कोसाकु आहे, तुम्ही भलत्यालाच श्रेय देताय.'

दादा, दान कोसाकु म्हणजेच कायामा! टोपणनाव आहे ते. इकुमा दान आणि कोसाकु यामादा हे जपानचे दोन बडे संगीतकार, त्यांच्या नावांवरून घेतलेलं. १९६५चं 'किमि तो इत्सुमादेमो' घ्या, तुफान खपलेलं गाणं. शब्द तोकिको इवातानी या बाईंचे, चाल दान कोसाकुची. म्हणजे? कायामाची. मधेच गाणं थांबवून 'मी किती सुखी आहे' असं बोलतो, तोही हाच.

तरी काहीजण म्हणणार, हिरो होता म्हणून गाणी चालली. बरं, मग 'ब्लॅक सँड बीच' ऐका. नुसती इलेक्ट्रिक गिटार. ना चेहरा, ना आवाज, ना शब्द. चाल याचीच, आणि ती अमेरिकेच्या व्हेंचर्स या गिटार बँडने वाजवली. ज्यांची गिटार ऐकून हा वेडा झाला होता, त्यांनी! आता तरी पटलं का?

माझ्या मामेभावाला पटत नव्हतं. त्याला आधी 'अकाहिगे' दाखवला. नागासाकीत डच वैद्यक शिकून आलेला गर्विष्ठ पोरगा, गरिबांच्या दवाखान्याचा गणवेशसुद्धा घालायला तयार नाही. लगेच त्याच वर्षीचा, १९६५चाच, 'एलेकी नो वाकादाइशो' लावला. सुकियाकीचं, म्हणजे मांसाच्या एका जपानी पदार्थाचं, हॉटेल चालवणाऱ्यांचा कॉलेजकुमार, हातात इलेक्ट्रिक गिटार. भाऊ म्हणाला, हा दुसरा कोणीतरी आहे. वर त्याच सिनेमात ताकेशी तेराउची, खरा नावाजलेला गिटारवादक, सोबा (जपानी नूडल्स) घरोघरी पोचवणारा पोऱ्या झालाय! हे कोणी सांगतच नाही, याचा मला राग आहे.

या 'वाकादाइशो' मालिकेतले सिनेमे हलकेफुलके म्हणून नाकं मुरडू नका. त्याच काळात दिग्दर्शक नारुसेच्या 'मिदारेरु'मध्ये, १९६४, नटी हिदेको ताकामिनेसमोर हा काय उभा राहिलाय! तिथे गिटार नाही, विनोद नाही, विधवा वहिनीवर जीव जडलेला दीर आहे.

१९७०मध्ये चिगासाकी शहरातल्या, याची भागीदारी असलेल्या हॉटेलचं दिवाळं निघालं, कर्ज याच्या बोकांडी बसलं. क्लबांतून गात फिरला. १९७६मध्ये 'उमि सोनो आइ' हे गाणं आलं, शब्द पुन्हा इवातानींचे, चाल... सांगा बरं कोणाची? २०२२च्या ३१ डिसेंबरला, पंच्याऐंशीव्या वर्षी, एनएचके या जपानी वाहिनीच्या कोहाकु या वर्षअखेरच्या गाण्यांच्या कार्यक्रमात तेच गायला आणि मैफली थांबवल्या.

सुरुवात 'अकाहिगे'पासूनच करा. तीन तासांचा आहे, मध्यंतरही आहे, चहा ठेवा. आणि दादा, प्लेबॅकची कमेंट आली तर यावेळी मी पिन करणार.