शास्त्र्यांच्या घरातले न्यायमूर्ती

(दृश्य : अहमदाबादच्या जुन्या शहरातलं स्वामीनारायण मंदिर. सकाळची गर्दी, घंटा.)

जानेवारी १९४८. अहमदाबाद तेव्हा मुंबई इलाख्यात होतं. स्वामीनारायण संप्रदायाच्या काही सत्संगींनी, म्हणजे अनुयायांनी, तिथल्या कोर्टात दावा लावला. त्यांचं म्हणणं असं, की आमचा संप्रदाय हिंदू धर्माहून वेगळा आहे, म्हणून हरिजनांना मंदिरं खुली करणारा कायदा आम्हाला लागू होत नाही. अस्पृश्यांना दाराबाहेर ठेवता यावं म्हणून माणसं स्वतःच धर्माबाहेर जायला निघाली होती!

खालच्या कोर्टात ते जिंकले, मुंबई हायकोर्टात हरले. अपील दिल्लीला गेलं. १४ जानेवारी १९६६ रोजी सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागला, तो लिहिला होता सरन्यायाधीश प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर यांनी.

(दृश्य : सातारा. अजिंक्यतारा, खाली जुनी आळी.)

साताऱ्यात १६ मार्च १९०१ ला जन्म. वडील संस्कृतचे विद्वान, घरात पिढीजात शास्त्राध्ययन. धारवाडचं कर्नाटक कॉलेज, पुण्याचं डेक्कन कॉलेज, मग १९२६ मध्ये वकिली.

मुंबई हायकोर्टात तेव्हा दोन दुनिया होत्या. ओरिजिनल साइडला बॅरिस्टर, सॉलिसिटर आणि शहरातले बड्या रकमांचे दावे. अपेलेट साइडला जिल्ह्यांतून आलेली अपिलं : जमिनी, वाटण्या, दत्तकाची भांडणं. गजेंद्रगडकर अपेलेट साइडचे. दत्तकावरचा नंदपंडितांचा ‘दत्तकमीमांसा’ हा ग्रंथ त्यांनी संपादित केला. आजोबांच्या पोथीतलं वचन आणि कोर्टातली नजीर, म्हणजे आधीच्या निकालाचा दाखला, दोन्ही त्यांना सारख्याच हाताशी.

१९४५ मध्ये ते मुंबई हायकोर्टाचे न्यायाधीश झाले, १९५७ मध्ये सर्वोच्च न्यायालयात गेले. तिथे कामगार कायद्यावर त्यांची छाप पडली. कारखान्याच्या नफ्यातून बोनस कसा काढायचा, या हिशेबावरचा १९५९ चा असोसिएटेड सिमेंट कंपनीचा निकाल त्यांचाच.

१९६४ च्या फेब्रुवारीत ते सरन्यायाधीश झाले आणि महिनाभरात लखनौत आग लागली. केशव सिंह या समाजवादी कार्यकर्त्याला उत्तर प्रदेश विधानसभेने हक्कभंगाबद्दल तुरुंगात घातलं, अलाहाबाद हायकोर्टाच्या दोन न्यायाधीशांनी जामीन दिला, तर सभागृहाने त्या न्यायाधीशांनाच पकडून आणायचा हुकूम काढला. शेवटी हायकोर्टाच्या बाकीच्या २८ न्यायाधीशांनी एकत्र बसून त्या हुकमाला स्थगिती दिली. राष्ट्रपतींनी सर्वोच्च न्यायालयाचं मत मागितलं. सभागृहाकडून वकील सिरवई, न्यायाधीशांकडून वकील सेटलवाड, दोघंही मुंबईचे. सात जणांच्या पीठाचं बहुमत गजेंद्रगडकरांनी लिहिलं : जामीन दिला म्हणून न्यायाधीशांना सभागृहापुढे उभं करता येणार नाही.

(दृश्य : पुन्हा अहमदाबाद. मंदिराचा उंबरठा.)

मला मात्र सत्संगींचा खटला जास्त ओढतो. त्यात प्रश्न कायद्याचा कमी आणि ‘हिंदू कोण?’ हा जास्त. उत्तर शोधताना शास्त्र्यांचा हा मुलगा थेट लोकमान्यांपाशी पोचला.

‘प्रामाण्यबुद्धिर्वेदेषु साधनानामनेकता। उपास्यानामनियमः...’ वेदांविषयी आदर, मोक्षाच्या वाटा अनेक, आणि अमुकच देव पुजावा असा नियम नाही. टिळकांची ही व्याख्या इंग्रजी रूपात निकालपत्रात उतरली, आणि सत्संगीही हिंदूच ठरले. तिच्या जोरावर एक दिवस दलितांना मंदिरात जाता येईल, असं टिळकांच्या सनातनी चाहत्यांच्या स्वप्नातही आलं नसेल.

एवढ्यावर ते थांबले नाहीत. सत्संगींची भीती अंधश्रद्धेतून, अज्ञानातून आणि खुद्द स्वामीनारायणांच्या शिकवणुकीच्या गैरसमजातून आली आहे, असंही त्यांनी सुनावलं. खरा धर्म कोणता, हे न्यायाधीशाने सांगावं का? हा आक्षेप पुढे अनेकांनी घेतला, आणि तो बिनबुडाचा नाही. पण मंदिराचं दार त्या निकालाने उघडलं, हेही खरं.

दोनच महिन्यांनी, १५ मार्चला, ते निवृत्त झाले. दुसऱ्या दिवशी पासष्टी पूर्ण होत होती. आरामखुर्ची काही त्यांच्या वाट्याला आली नाही. मुंबई विद्यापीठाचे कुलगुरू, पहिल्या राष्ट्रीय श्रम आयोगाचे अध्यक्ष, मग १९७७ पर्यंत विधी आयोग. १९७२ मध्ये पद्मविभूषण. १२ जून १९८१ ला ते गेले.

(दृश्य : विलेपार्ले स्टेशन, लोकलची गर्दी.)

१९९५ च्या डिसेंबरात, विलेपार्ल्याच्या पोटनिवडणुकीतल्या हिंदुत्वाच्या प्रचारावरून सर्वोच्च न्यायालयात निकाल लागला. त्यातही सत्संगींच्या निकालातले उतारे सापडतात. दलितांना आत घेण्यासाठी लिहिलेली व्याख्या आता मतं मागण्याच्या वादात कामी आली होती. लिहिणाऱ्याला जाऊन तोवर चौदा वर्षं झाली होती.