आधी छेद बदला: दोन वर्तुळं आणि सशर्त संभाव्यता

एक चौकट डोळ्यासमोर आणा, तिच्यात 60 मुलं आहेत. 30 जणांना बुद्धिबळ येतं, 24 जणांना पोहता येतं आणि 18 जणांना दोन्ही येतं. दोन वर्तुळं काढूया, एकमेकांवर चढलेली. भरायची सुरुवात मधल्या भागापासून करायची, कारण तिथे 18 लिहिले की बाकीचं पटापट सुटतं, नुसतं बुद्धिबळ येणारे 30 वजा 18 म्हणजे 12, नुसते पोहणारे 6, हे सगळे मिळून 36, म्हणजे दोन्हीपैकी काहीच येत नाही असे 24 जण वर्तुळांच्या बाहेर. बरेच जण घाईत बुद्धिबळाच्या मोकळ्या भागात थेट 30 टाकतात, आणि मग तेच 18 जण दोनदा मोजले जातात.

या आकृतीला व्हेन आकृती म्हणतात, जॉन व्हेन या इंग्लिश तर्कशास्त्रज्ञाने 1880 मध्ये ती मांडली. वर्तुळं काढून विचार करणं त्याच्याही आधी होतं, 18 व्या शतकात स्विस गणितज्ञ ऑयलर ते करायचा.

आता प्रश्न बघा. एक मूल निवडलं, त्याला पोहता येतं हे आपल्याला कळलंय, तर त्याला बुद्धिबळ येत असण्याची संभाव्यता किती? एक गोष्ट कळल्यावर दुसरीची अशी काढलेली संभाव्यता म्हणजेच सशर्त संभाव्यता. 'कळलंय' हा शब्द ऐकला की पेन्सिल उचलायची आणि पोहण्याच्या वर्तुळाबाहेरचं सगळं खोडून टाकायचं. खरंच खोडा, कागदावर. 60 गेले, आता आपलं सगळं जग 24 जणांचं, त्यातले बुद्धिबळवाले 18, म्हणून 18 भागिले 24, म्हणजे 3/4. सूत्र पाठ असूनही उत्तर चुकतं ते बहुतेक वेळा इथेच, छेदात 60 तसेच राहून जातात.

आणि प्रश्न उलटा केला तर? बुद्धिबळ येतं हे माहीत आहे, पोहता येण्याची संभाव्यता किती? मधला तुकडा तोच 18, पण जग आता 30 जणांचं, उत्तर 3/5. अंश तोच आणि छेद वेगळा, त्यामुळे 'अ दिल्यावर ब' आणि 'ब दिल्यावर अ' यांची अदलाबदल करायची नाही, कितीही सारखे वाटले तरी.

एक गोष्ट मला फार आवडते ती इथे सांगतो. मध्ये 18 ऐवजी 12 असते तर? पोहणाऱ्यांमध्ये 24 पैकी 12, म्हणजे निम्मे, आणि सगळ्या मुलांमध्येही 60 पैकी 30, म्हणजे निम्मेच! पोहता येतं हे कळून काहीच फरक पडला नाही, घटना स्वतंत्र झाल्या, आणि वर्तुळं मात्र एकमेकांवर चढलेलीच आहेत. उलट वर्तुळं पूर्ण वेगळी असतील तर एक घटना घडली की दुसरीची संभाव्यता थेट शून्य, म्हणजे वेगळी वर्तुळं ही स्वतंत्र घटनांची खूण नाहीच.

आता जिथे हे खरोखर महत्त्वाचं ठरतं ते. समजा 1000 लोक, त्यातले 10 आजारी. टेस्ट 10 पैकी 9 आजारी लोकांना पकडते, आणि 990 निरोगी लोकांपैकी 99 जणांना चुकून पॉझिटिव्ह दाखवते. आजाराचं वर्तुळ छोटंसं, 10 चं, आणि पॉझिटिव्हचं 108 चं, मध्ये 9. टेस्ट आजारी माणसाला पकडते का, असं विचारलं तर 10 पैकी 9, पण रिपोर्ट हातात घेऊन बसलेल्या माणसाचा प्रश्न वेगळा असतो, 'मी आजारी आहे का', आणि त्याचं उत्तर 108 पैकी 9, म्हणजे फक्त 1/12. म्हणूनच पॉझिटिव्ह आल्यावर पुन्हा टेस्ट करायची तर गणित 1000 लोकांपासून नाही, या 108 लोकांपासून सुरू करायचं.