घुमारा, जवारी, ठोका

श्रोतेहो, नमस्कार.

मराठी, कोकणी, गुजराती एका कुळातल्या; कानडी, तेलुगू दुसऱ्या. भाषांची अशी कुळं लावायची तर त्यांची आजी-पणजी ठाऊक असावी लागते. काही भाषांना मात्र आजीच नाही. कुणीतरी एकट्यानं बसून त्या कथेसाठी नाहीतर सिनेमासाठी रचल्या. ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’वाल्या टॉल्किन यांची क्वेन्या, ‘स्टार ट्रेक’मधली क्लिंगॉन, ‘अवतार’मधली नावी, ‘गेम ऑफ थ्रोन्स’मधली डोथराकी, आणि आपल्याकडच्या ‘बाहुबली’तली किलिकी. यांची मांडणी कशी करायची? रचणाऱ्याच्या नावानं केली तर ती ग्रंथालयातली यादी होईल. मी आवाजावरून करतो. ही पद्धत माझी, घरगुती. कुठल्या विद्यापीठाची मोहोर तिच्यावर नाही, तेव्हा तिच्याशी भांडायला तुम्ही मोकळे आहात.

गटांची नावं मात्र मी तंबोरे घडवणाऱ्या मिरजेहून उसनी घेतली. मंगळवेढा-पंढरपूर भागातून आलेला भोपळा वाळवून, पोखरून तंबोऱ्याला लावतात. तार छेडली की त्यातून भरीव आवाज येतो, तो घुमारा. घोडीचा, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात त्या पट्टीचा, माथा घासून किंचित बाकदार केला आणि तारेखाली सुताचा दोरा नेमक्या जागी सरकवला, की तार घोडीला स्पर्श करत थरथरते आणि झणझणता, रेंगाळणारा नाद निघतो, ती जवारी. तिसरा शब्द ठोका. हा वाद्यकारागिरांचा नाही, मीच घातलेला आहे.

कसोटी अगदी साधी आहे. व्यंजन स्वराच्या आधाराशिवाय धरून ठेवता येतं का? आत्ता माझ्याबरोबर म्हणून बघा. म्‌म्‌म्‌म्‌. ओठ मिटलेले आहेत तरी आवाज चालू आहे, नाक घुमतंय. न, ण, ल यांचंही तसंच. हा घुमारा, आणि सगळे स्वर त्याच घरातले. आता र्‌र्‌र्‌र्‌, किंवा श्‌श्‌श्‌. धरता येतात, पण खरखरीसकट. ही जवारी. आता क्‌. धरा बघू! नाही जमत. हवा अडली, सुटली, संपलं. हा ठोका. आपलं व्याकरण क पासून म पर्यंतच्या पंचवीसही व्यंजनांना स्पर्श म्हणतं. मी त्यातली पाच अनुनासिकं बाहेर काढतो, कारण तोंड बंद असलं तरी नाकाची वाट उघडी असते. जाणकार रागावतील, रागावोत.

आता क्वेन्या ऐका. टॉल्किन यांना फिनिश भाषेच्या नादाची भूल पडली होती, आणि त्यांनी घुमाऱ्याची शिस्तच घालून दिली. शब्द संपायचा तो स्वरावर, नाहीतर न, र, ल, स, त एवढ्यांवर. ब, द, ग हे तर एकटे येतच नाहीत. ‘म्ब’, ‘न्द’, ‘ङ्ग’ असे कुणाचा तरी हात धरून येतात. म्हणजे ठोका पडायच्या आधीच नाक घुमायला लागलेलं असतं. तारा म्हणजे ‘एलेन’, रात्र म्हणजे ‘लोमे’.

क्लिंगॉन याच्या दुसऱ्या टोकाला. तिचे पहिले मोजके शब्द 1979 च्या चित्रपटात आले, पण भाषा म्हणून ती उभी केली मार्क ओक्रँड या भाषाशास्त्रज्ञानं, 1984 च्या चित्रपटासाठी. त्याची गंमत मराठी माणसाला चटकन कळेल, कारण आपली वर्णमाला उच्चाराच्या जागेप्रमाणे ओळीनं लावलेली आहे. ट असेल तिथं ड असणार, क असेल तिथं ग असणार. ओक्रँडनं हा संसार मुद्दाम मोडला. क्लिंगॉनमध्ये मूर्धन्य ड आहे, पण त्याचा जोडीदार ट नाही. जो ‘त’सारखा आवाज आहे तो जिभेच्या वेगळ्याच जागेवर लागतो. ष आहे, साधा स नाही. क नाही, ग नाही. त्यांच्याऐवजी पडजिभेजवळून निघणारे दोन आवाज आहेत, त्यातला एक घसा खाकरल्यासारखा. यश चिंतायचं तर ‘काप्‌ला’ म्हणायचं, तेही शेवटी गळा झटकन मिटून. परकेपणा हवा होता, तो असा मोडतोड करून मिळाला. मला या सगळ्यांत ही कारागिरी सर्वांत अवघड वाटते.

डोथराकी जवारीची. 2011 च्या मालिकेसाठी डेव्हिड पीटरसन यांनी ती वाढवली. प आणि ब तिथं जवळजवळ नाहीतच. ख़, झ़, र यांची घासाघीस फार. घोड्याला म्हणतात ‘ह्राझेफ’. तिच्यात द्वित्त व्यंजनंही पुष्कळ आहेत, आणि ती आपल्या जतकडच्या, कानडी-मराठी दोन्ही बोलणाऱ्या माणसाला सांगली शहरातल्या माणसापेक्षा लवकर जमतील, अशी माझी पैज आहे.

पॉल फ्रोमर यांनी 2009 च्या ‘अवतार’साठी रचलेल्या नावीपाशी माझे खण अपुरे पडतात. तिच्यात प, त, क यांचे असे प्रकार आहेत, की गळा बंद ठेवून ते फटकन सोडायचे. ठोका याहून कडक होणार नाही. पण त्याच भाषेत र आणि ल स्वरासारखे उभे राहतात, एकटेच अख्खं अक्षर होतात. आपल्याकडे ऋ कसाबसा टिकला, ऌ तक्त्यात उरला. नावी लोक दोन्ही रोज वापरतात!

नादावरून स्वभाव ओळखायची सवय आपल्याला जुनी. 1929 साली मानसशास्त्रज्ञ क्योलर यांनी दाखवलं की ‘टाकेटे’ हा निरर्थक शब्द लोक टोकदार आकृतीला देतात, गोलाकार आकृतीला नाही. आणि या सांगलीत तर 1843 मध्ये विष्णुदास भावे यांनी ‘सीतास्वयंवर’ रंगभूमीवर आणलं. त्या वळणाच्या नाटकांतले राक्षस ‘अलल्लडुर्र’ अशी आरोळी ठोकत प्रवेश करायचे. पुढे त्या नाटकांना थट्टेनं तेच नाव चिकटलं. त्या आरोळीला अर्थ नाही, व्याकरण नाही. तरी लांबलेला ल, मग ड, मग थरथरता र: घुमारा, ठोका, जवारी, तिन्ही एका दमात. राक्षस आला हे कुणाला समजावून सांगावं लागलं नसेल.

म्हणून ठोक्याची भाषा ती दुष्टांची, असं मात्र धरू नका. तो सिनेमावाल्यांचा आळस आहे. ‘विठ्ठल’ म्हणून बघा. मधोमध दुहेरी ठोका आहे, आणि त्या नावात कुणाला क्रौर्य ऐकू आलंय?

राहिली किलिकी. मदन कार्की यांनी 2015 च्या चित्रपटासाठी ती रचली. ‘मिन’ म्हणजे मी आणि ‘निम’ म्हणजे तू. अर्थ उलटा, म्हणून अक्षरंही उलटी. दोन्ही शब्दांत म आणि न, म्हणजे कागदावर निखळ घुमारा. पडद्यावर कालकेय टोळीचा सरदार ती बोलतो तेव्हा मात्र जिभेचे टचटच आवाज आणि गुरगुर कानांवर आदळते. भाषा जोखायची की बोलणाऱ्याचा गळा, हे माझ्या पद्धतीत अजून बसलेलं नाही. सध्या किलिकीपुढं पेन्सिलनं दोन खुणा केलेल्या आहेत, आणि बहुतेक नावीपुढंही कराव्या लागतील.