दगडावर नसलेला आकडा

[दृश्य : गावाची चावडी. भिंतीत बसवलेला दगड. कॅमेरा अक्षरांवरून हळूहळू सरकतो.]

सातारा जिल्ह्यात आणि कोकणात कितीतरी गावांत असा दगड आहे. कुठे चावडीच्या भिंतीत, कुठे शाळेच्या ओट्यावर, कुठे देवळाच्या आवारात. मजकूर थोड्याफार फरकाने एकच. १९१४ ते १९१९ च्या महायुद्धात या गावातून इतके लोक गेले. त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले. दोन आकडे, बस्स. साताऱ्याजवळच्या अपशिंग्याच्या नावापुढे आज 'मिलिटरी' हा शब्दच जोडलेला आहे. पहिल्या महायुद्धात त्या एकट्या गावचे ४६ जवान कामी आले.

पहिल्या आकड्यातून दुसरा वजा केला की तिसरा मिळतो, परत आलेल्यांचा. तो दगडावर नाही. ती वजाबाकी बघणाऱ्याने मनातल्या मनात करायची. परत आला म्हणजे सुटला, असं घर समजतं, गाव समजतं. नवस फेडले जातात. मग एखाद्या रात्री तो ओरडत उठतो, आणि घरातली माणसं एकमेकांच्या तोंडाकडे बघत राहतात. 'बाहेरचं' काही असेल म्हणून अंगारा लावला जातो.

आज ज्या कादंबऱ्यांविषयी बोलायचं आहे, त्या या तिसऱ्या आकड्यातल्या माणसांच्या आहेत.

[दृश्य : लंडनमधला गजबजलेला रस्ता. जुनी छायाचित्रं.]

लंडन, जून १९२३. लढाई थांबून साडेचार वर्षं झाली आहेत. बॉन्ड स्ट्रीटवर एका मोटारीचा फाटकन आवाज होतो. लोक दचकतात, वळून बघतात, आत कोण बडं माणूस बसलंय याची कुजबुज करतात. एक माणूस मात्र जागीच थिजतो. वय तिशीच्या आसपास, अंगात जुनाट ओव्हरकोट, पायात तपकिरी बूट. त्याला वाटतं, आता हे सगळं जग पेट घेणार. त्याची बायको त्याला हलक्या हाताने पुढे ओढते. लोक काय म्हणतील, याने ती कानकोंडी झाली आहे.

हा सेप्टिमस वॉरन स्मिथ. व्हर्जिनिया वुल्फ यांच्या १९२५ साली आलेल्या 'मिसेस डॅलोवे' या कादंबरीतला. लढाईवर आपणहून गेलेल्या पहिल्या काही जणांतला. तिथे त्याला एव्हान्स नावाचा अधिकारी भेटला, दोघांची जिवाभावाची मैत्री झाली. युद्धविराम तोंडावर आलेला असताना एव्हान्स इटलीत मारला गेला. आणि सेप्टिमसला काहीच वाटलं नाही. रडू आलं नाही, पोटात खड्डा पडला नाही. उलट आपण किती खंबीर, म्हणून त्याने स्वतःची पाठ थोपटली. मला या कादंबरीतली सगळ्यात भयंकर जागा हीच वाटते. पुढे मिलानमध्ये एका संध्याकाळी त्याच्या लक्षात येतं की आपलं वाटणंच बंद पडलंय. त्या भीतीपोटी तो टोप्या बनवणाऱ्या रेझियाशी लग्न ठरवतो. आता लंडनमध्ये मेलेला एव्हान्स त्याला झाडांमागून येताना दिसतो.

डॉक्टर होम्स म्हणतात, तुम्हाला काहीही झालेलं नाही. नाटकबिटक बघा, गोल्फ खेळा, मन रमवा. दुसरे डॉक्टर सर विल्यम ब्रॅडशॉ मोठे प्रतिष्ठित. रोगी किती खचलाय ते त्यांना दोन-तीन मिनिटांत कळतं, पण उपाय त्यांच्याकडे एकच : गावाबाहेरच्या आरोग्यगृहात ठेवायचं, अंथरुणावर पडून राहायचं, आणि बायकोने जवळ राहायचं नाही. वुल्फ यांनी हा सक्तीच्या विश्रांतीचा उपचार स्वतः भोगला होता. डॉक्टरांची ही पानं वाचताना तो राग आपल्यापर्यंत पोहोचतो.

आणि त्यानंतर येतो टोपीचा प्रसंग. दुपार कलली आहे. रेझिया मिसेस पीटर्स नावाच्या बाईसाठी टोपी शिवते आहे. सेप्टिमस म्हणतो, ही फारच लहान आहे. कितीतरी आठवड्यांनी तो साध्या माणसासारखं बोललेला असतो. मग तो तिच्या पेटीतल्या रिबिनी, मणी, फुलं काढून रंगाशी रंग जुळवून बघतो. त्याला शिवता येत नाही, पण नजर आहे. तो मांडतो, ती टाके घालते. दोघं खळखळून हसतात. तेवढा अर्धा-पाऊण तास ते नवरा-बायको असतात. जिन्यावर होम्सची पावलं वाजतात. ते आपल्याला न्यायला आले आहेत, या धसक्याने सेप्टिमस खिडकीतून खाली उडी टाकतो.

त्याच रात्री एका पार्टीत सर विल्यम या मृत्यूचा विषय काढतात. युद्धाच्या धक्क्याच्या उशिरा दिसणाऱ्या परिणामांबद्दल येऊ घातलेल्या विधेयकात तरतूद हवी, असं ते म्हणतात. आणि पार्टी पुढे चालू राहते.

[दृश्य : खंदकांची छायाचित्रं. निवेदन थोडं जलद.]

या त्रासाला 'शेल शॉक' हे नाव १९१५ मध्ये चार्ल्स मायर्स या डॉक्टरांनी 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकातल्या लेखात छापील केलं. जवळ फुटलेल्या तोफगोळ्यांच्या हादऱ्याने मेंदू दुखावतो, अशी आधी समजूत होती. पण गोळा जवळ न फुटलेलेही थरथरायला लागले, मुके झाले, काहींचे पायच हलेनात. १९१७ पर्यंत लष्कराला हा शब्द नकोसा झाला. १९२२ च्या सरकारी समितीने तो वापरातून काढावा अशी शिफारस केली. पळून जाणं, भ्याडपणा अशा गुन्ह्यांसाठी ब्रिटिश लष्कराने त्या युद्धात ३०६ सैनिकांना गोळ्या घातल्या होत्या. त्यांना माफी मिळायला २००६ साल उजाडावं लागलं.

पॅट बार्कर यांची १९९१ ची 'रिजनरेशन' ही कादंबरी याच काळात शिरते. एडिनबरोजवळच्या क्रेगलॉकहार्ट इथे मनाने खचलेल्या अधिकाऱ्यांसाठी लष्करी रुग्णालय होतं. तिथले डॉक्टर डब्ल्यू. एच. आर. रिव्हर्स हे खरे गृहस्थ. युद्धाआधी आपल्या निलगिरीत येऊन तोडा लोकांमध्ये राहिलेले, त्यांच्यावर १९०६ साली मोठा ग्रंथ लिहिलेले. रिव्हर्स रोग्यांना दटावत नाहीत. विसरा म्हणत नाहीत, आठवा म्हणतात. जुलै १९१७ मध्ये त्यांच्याकडे कवी सीगफ्रिड ससून येतात. युद्ध विनाकारण लांबवलं जातंय, असं जाहीर पत्रक काढल्याबद्दल त्यांना वेडं ठरवून इथे पाठवलेलं असतं.

कादंबरीचा गाभा रिव्हर्स यांच्या पेचात आहे. बरं करायचं कशासाठी? परत खंदकात पाठवण्यासाठी. लंडनच्या एका रुग्णालयात ते डॉक्टर येलँड यांचा उपचार बघतात. वाचा गेलेला एक सैनिक, बंद खोली, खुर्चीला बांधलेले हात, घशाला विजेचे झटके. बोलेपर्यंत दार उघडणार नाही. तो बोलतो. रिव्हर्स तिथून बाहेर पडतात, पण त्या रात्री त्यांना भयंकर स्वप्न पडतं. आपण हळुवारपणे जे करतो तेही शेवटी याच जातीचं नाही ना? थरथर, मुकेपणा हीच त्या माणसाची तक्रार असेल, तर ती थांबवणं म्हणजे त्याचं तोंड बंद करणंच. क्रेगलॉकहार्टमध्ये बरा झालेला कवी विल्फ्रेड ओवेन आघाडीवर परतला आणि ४ नोव्हेंबर १९१८ रोजी मारला गेला. आठवड्याने युद्ध संपलं.

[दृश्य : घरगुती समारंभ. चार गाणारी माणसं. आवाज नाही.]

'स्लॉटरहाउस-फाइव्ह' या कादंबरीतला बिली पिलग्रिम अमेरिकेत चश्मे विकून गबर झालाय. त्याच्या लग्नाच्या वाढदिवसाला चौघं मित्र सुरात सूर मिळवून गातात, आणि बिलीचा चेहरा पांढराफटक पडतो. का, ते त्यालाही कळत नाही. एकांतात त्याला आठवतं. फेब्रुवारी १९४५ मध्ये बॉम्बफेकीत जर्मनीतलं ड्रेस्डेन शहर बेचिराख झालं, तेव्हा युद्धकैदी बिली कत्तलखान्याच्या तळघरात होता. बाहेर डोकावून आलेल्या चार जर्मन पहारेकऱ्यांची तोंडं अशीच उघडी राहिली होती. गाणाऱ्यांसारखी, फक्त आवाज नव्हता. लेखक कर्ट व्होनेगट त्याच तळघरातून वाचले होते. कादंबरी लिहून व्हायला १९६९ साल उजाडलं.

[दृश्य : पावसातलं जंगल. चिखलात रुतलेला ट्रक.]

आता व्हिएतनाम. लेखक बाओ निन्ह यांचा जन्म १९५२ चा. ते ज्या युवक ब्रिगेडमधून लढले, तिच्यातले ५०० जण १९६९ मध्ये गेले. परत आले १०. इथे वजाबाकी उलटी करावी लागते.

त्यांची कादंबरी पहिल्यांदा छापली गेली तेव्हा तिचं नाव होतं 'प्रेमाचं प्राक्तन'. जग तिला 'द सॉरो ऑफ वॉर' म्हणून ओळखतं. नायक किएन जिंकलेल्या बाजूचा सैनिक आहे, आणि हे लक्षात ठेवून ती वाचायला हवी. हरलेल्यांचं दुःख आपण गृहीत धरतो. जिंकलेल्याने दुःखी असणं सरकारलाही अडचणीचं आणि शेजाऱ्यालाही.

कादंबरी सुरू होते तेव्हा लढाई संपली आहे. किएनची नेमणूक बेपत्ता सैनिकांचे अवशेष गोळा करणाऱ्या तुकडीत आहे. पावसाळी रात्र, सैनिक ज्याला किंचाळणाऱ्या आत्म्यांचं जंगल म्हणतात ती जागा. किएन ट्रकच्या मागच्या भागात झोळी बांधून झोपतो. झोळीखाली दिवसभर गोळा केलेली हाडं आहेत, त्याच्याच बटालियनमधल्या पोरांचीही. कामावर असलेला माणूस दमून झोपतो, तसाच तो झोपतो.

हनोईला परतल्यावर तो तेच काम कागदावर करतो. रात्ररात्र लिहितो. छतावरचा पंखा फिरला की हेलिकॉप्टर आलं असं वाटतं. रस्त्यात सडक्या मांसाचा वास आला की तो थेट प्रेतांच्या टेकडीवर पोहोचतो. फुआँग, त्याची लहानपणापासूनची मैत्रीण, युद्धानंतर त्याला भेटते, काही काळ दोघं सोबत राहतातही. पण दोघांचं जे मोडलंय ते जुळत नाही, ती निघून जाते. किएनला कादंबरी सरळ सांगताच येत नाही. एक आठवण दुसरीत घुसते, मेलेला माणूस पुढच्या पानावर जिवंत भेटतो. पहिल्यांदा वाचताना मी गोंधळून पानं मागे उलटत होतो. मग कळलं की त्याला हे असंच आठवतं, म्हणून ते असंच लिहिलंय.

शेवटी त्याला ती सगळी पानं जाळून टाकायची असतात. वरच्या मजल्यावर राहणारी एक मुकी बाई ती वाचवते, जपून ठेवते. आपल्या हातात येतात ती विस्कटलेली पानं.

[दृश्य : नकाशा. मुंबईहून बसरा, तिथून वर टायग्रिस नदी.]

आपल्याकडचं काय? मुल्कराज आनंद यांच्या कादंबऱ्यांतला लालू हा पंजाबी शेतकऱ्याचा पोर. 'अक्रॉस द ब्लॅक वॉटर्स'मध्ये तो मार्सेलिसला उतरून फ्रान्सच्या खंदकांत जातो. पुढच्या 'द स्वोर्ड अँड द सिकल'मध्ये, १९४२ च्या, तो जर्मनांच्या कैदेतून घरी परततो. सरकार बक्षीस देईल ही आशा फोल ठरते, घराची वाताहत झालेली असते. पहिल्या महायुद्धात हिंदुस्थानातून सुमारे १३ लाख माणसं गेली, सुमारे ७४ हजार मेली. लालू उरलेल्यांतला एक.

त्या उरलेल्यांत मराठी पलटणीही होत्या. सहाव्या पुणे डिव्हिजनमध्ये १०३, ११० आणि ११७ या तिन्ही मराठा पलटणी मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकमध्ये लढल्या. कूत-अल-अमारा इथे ही डिव्हिजन जवळपास पाच महिने वेढ्यात अडकली. घोडे, खेचरं कापून खाण्याची पाळी आली. २९ एप्रिल १९१६ रोजी शरणागती झाली आणि कैद्यांना वाळवंटातून चालवत नेलं. त्यातून जे साताऱ्याला, रत्नागिरीला परतले, त्यांतल्या बहुतेकांना लिहिता येत नव्हतं. त्यांच्या दारात टोपी शिवणारी रेझिया असेल, पानं जपणारी मुकी बाई असेल. पानं मात्र नव्हती.

[दृश्य : कंदिलाजवळ एक हात. तळव्यावर पदक.]

पण एक गोष्ट आहे. त्या युद्धाचं चांदीचं पदक मेलेल्यांच्या घरी गेलं, तसंच परत आलेल्यांनाही मिळालं. आजही ते जुन्या ट्रंकेत, देवघरातल्या डबीत सापडतं. पुढच्या बाजूला राजाचा चेहरा आहे. तो बघून लोक पदक ठेवून देतात. ते आडवं धरायचं, उजेडाकडे किंचित कलतं करायचं आणि बोटाने हळूहळू फिरवायचं. कडेवर बारीक अक्षरं ठोकलेली असतात. आधी नंबर. मग हुद्दा. मग नाव. मग पलटण.